तीन नंबरची सायकल

पाच वाजायला सहा तास बारा मिनिटं

गाइडची एक सवय होती. नकाशाघरात पोचली की ती काचेच्या पेटीकडे पाठ करून उभी राहायची आणि पाहुण्यांच्या चेहऱ्यांकडे बघत बोलायची. नकाशा तिला पाठ होता. चेहरे रोज नवे असायचे.

"ज्याच्यासाठी आपण एवढा चढ चढून आलो," ती म्हणाली, "तो हा. जुन्या शहराचा पहिला नकाशा. विहिरी साफ करणाऱ्या एका बाईनं दोनशे वर्षांपूर्वी कापडावर काढलेला. आहे रुमालाएवढाच, पण सकाळपासून आपण ज्या ज्या गल्लीतून सायकली चालवल्या, ती प्रत्येक गल्ली यात आहे."

इथे पाहुणे पुढे वाकायचे. रोज वाकायचे. आज तिघंही जागच्या जागी उभे राहिले.

डेंटिस्टनं घसा खाकरला. सकाळपासून दर दहा मिनिटांनी विनोद करणारा उंच, ढगळ कपड्यांतला माणूस. "मॅडम, अदृश्य शाईनं काढलाय का?"

ती वळली.

पेटीत चार टाचण्या होत्या. टाचण्यांच्या मधे मखमलीचा एक चौकोन, आजूबाजूच्या मखमलीपेक्षा गडद, कारण तिथे वर्षानुवर्षं ऊन पडलं नव्हतं. पेटीचं कुलूप जागेवर होतं. लावलेलं.

"अकराला पाच कमी," दारातून आवाज आला. नकाशाकाका मनगटावरच्या घड्याळाकडे बघत आत येत होते. तीस वर्षं हे घर सांभाळणारा, कडक इस्त्रीतला वाळका माणूस. "आटपतं घ्या जरा. सव्वाअकराला दुसरी मंडळी..."

मग त्यांनी पेटी पाहिली आणि दाराची चौकट धरली.

पोलिसांना फोन करायला गाइडनं खिशातून मोबाइल काढला. पडद्यावर दहा अठ्ठेचाळीस. नंबर दोनदा चुकला.

पाच वाजायला साडेचार तास

डेंटिस्टच्या खिशांत निघालं: दोन रुमाल, दात कोरायच्या दोऱ्याची डबी, स्वतःचीच सात व्हिजिटिंग कार्डं.

निवृत्त मुख्याध्यापिकाबाईंच्या पर्समध्ये निघालं: वही, लाल पेन, निळं पेन, शिट्टी. "शिट्टी कशाला?" इन्स्पेक्टरांनी विचारलं. "लागते," बाई म्हणाल्या.

फोटोवाल्याकडे निघाले: दोन कॅमेरे, पाच लेन्स, आणि एक फुटलेलं बिस्किट, ज्याबद्दल त्यानं माफी मागितली.

गाइडकडे निघालं: मोबाइल, पाण्याची बाटली, गळ्यातल्या दोरीत कंपनीचा बिल्ला आणि सायकलींच्या बॅटऱ्यांची किल्ली.

नकाशाकाकांकडे निघालं: पेटीची किल्ली, चष्मा, किल्ल्यांचा जुडगा. त्यांनी प्रत्येक वस्तू टेबलावर सरळ रेषेत मांडली.

नकाशा कुठेच नव्हता. पोलिसांनी घर उलटंपालटं केलं. माळा, गच्ची, खुर्च्यांच्या गाद्या. मागच्या अंगणात टूरच्या चार इलेक्ट्रिक सायकली होत्या आणि भिंतीला टेकून काकांची हिरवी. तिथेही सीट उचलून झाली, टोपल्या झटकून झाल्या.

"ह्या जाड दांडीत काय असतं?" इन्स्पेक्टरांनी विचारलं.

"बॅटरी," गाइड म्हणाली.

"हात लावला तर?"

"काही होत नाही साहेब."

साहेबांनी तरीही हात लावला नाही. त्यांचे पाय दुखत होते, ते दिसतच होतं. काकांच्या खुर्चीत बसून त्यांनी बुटांच्या नाड्या सैल केल्या आणि बोटांवर मोजायला लागले.

"कुलूप फोडलेलं नाही. पेटीच्या किल्ल्या दोन. एक ह्यांच्याकडे, दुसरी ह्यांच्या टेबलाच्या खणात. खणात किल्ली असते हे कोणाला माहीत होतं?"

"मला," गाइड म्हणाली. खोटं बोलायची तिला सवय नव्हती.

"नकाशा बघण्याआधी वर पाहुण्यांना शहराची फिल्म दाखवत होते, तेव्हा तुम्ही कुठे होतात?"

"पुढच्या पायरीवर. फोनवर. दहा सव्वीसपासून दहा अडतीसपर्यंत. फोनमध्ये नोंद आहे."

"कोणाशी?"

इथे ती अडली. "मोठ्या संग्रहालयाशी. नकाशा उद्या तिकडे जाणार होता ना. मी त्यांना विनवत होते, की निदान महिनाभर थांबा."

"म्हणजे तो जायला तुम्हाला नको होता."

"सकाळी त्या म्हणाल्याच तसं," मुख्याध्यापिकाबाई बोलल्या. "जुन्या दरवाजापाशी. म्हणाल्या, माझं चाललं असतं तर मी तो जाऊच दिला नसता." मग गाइडकडे बघून, जरा हळू आवाजात: "विचारलं तर मी खरं सांगते गं. चाळीस वर्षांची खोड आहे."

गाइडनं काकांकडे पाहिलं. मागच्याच आठवड्यात, ह्याच खोलीत, काकाही अगदी हेच म्हणाले होते. आता ते सांगतील, तिला वाटलं. म्हणतील, साहेब, मलाही नको होतं, म्हणून काय मी चोर? काका मान खाली घालून टेबलावरचा चष्मा सरळ करत होते. तो सरळच होता.

"फोन एका हातानं धरता येतो," इन्स्पेक्टर उठले. "दुसरा मोकळा राहतो. तो बिल्ला द्या इकडे."

"साहेब, सहा वर्षं..."

"बिल्ला."

तिनं दोरीतून बिल्ला सोडवला. बिल्ल्याशिवाय जुन्या शहरात कुणाला टूर नेता येत नाही. एकदा काढून घेतलेला बिल्ला परत मिळाल्याचं तिनं तरी ऐकलं नव्हतं.

"पाचला तुमच्या वर्कशॉपवर येतो. तोवर नकाशा आला तर तक्रार लिहीत नाही. नाही आला तर तुमचं नाव लिहितो." त्यांनी बिल्ला खिशात टाकला. "आणि हा मात्र दोन्हीकडून गेला समजा. नकाशा परत आला, तर तो कोणी आणला हे न सांगताच कळेल सगळ्यांना."

पाच वाजायला तीन तास

पोलिसांनी टूर तिथेच थांबवली होती. सायकली टेम्पोतून वर्कशॉपवर आल्या. तिथे गाइडची मावशी होती.

तिच्या आईची धाकटी बहीण. साठीला टेकलेली, केस कापलेले, खिशात कायम एक पाना. जुन्या शहरातल्या सगळ्या विजेच्या सायकली तिच्या हाताखालून जातात. तिनं भाचीचं सगळं ऐकून घेतलं, मधे एकदाही न थांबवता. चेनला तेल घालणंही थांबवलं नाही.

"रडायचं असेल तर त्या कोपऱ्यात रड," ती शेवटी म्हणाली. "इथे चेनला गंज लागेल."

"मावशी!"

"मग ओरडू नकोस. तुझ्या त्या तिघांना बोलाव. म्हणावं, टूर अर्धी राहिली, मावशी चहा पाजतेय."

तिघं आले. ओळखपत्रं पोलिसांनी ठेवून घेतलेली, जाणार कुठे? मावशी प्रत्येकाशी बोलली ती सायकलीखाली वाकून, चाक फिरवत फिरवत. तिचे प्रश्न चाकांच्या आवाजात बुडून जात होते. पलीकडे चहा गाळणाऱ्या गाइडला ऐकू आली ती नुसती उत्तरं.

मुख्याध्यापिकाबाई:

"हो, गेले होते मी नकाशाच्या खोलीत, फिल्मच्या आधी. मला रांगेत शेवटी उभं राहायला आवडत नाही... होता ना! जागच्या जागी. चार टाचण्यांनी लावलेला. मी काचेवर बोट ठेवून आमची गल्ली शोधत होते... काका आले आणि म्हणाले, बाई, फिल्म सुरू होतेय, वर चला. असं मला हाकलायची कोणाची हिंमत नाही, पण गेले... नाही. मी वर असताना डॉक्टर उठून गेले होते. अंधारात माझ्या पायावर पाय देऊन."

डेंटिस्ट:

"बाथरूमला, मॅडम. लोक दवाखान्यात मला घाबरतात, मी अंधाऱ्या खोल्यांना घाबरतो... तीन-चार मिनिटं. फिल्म संपतच आली होती. बाथरूम मागे अंगणात आहे ना... कोणी नव्हतं तिथे. फक्त माझी सायकल, तीन नंबर, दाराजवळची. तिचा तो छोटा पडदा चालू होता. मी उतरताना बंद केला होता, शप्पथ. वाटलं बॅटरी वाया जाईल, म्हणून बटण दाबून बंद केला. एवढाच माझा गुन्हा. दाराजवळ कोणी उभं केलं तिला? आम्हाला काकांनीच सांगितलं, ही इथे, ती तिथे... पोलिसांना? त्यांनी विचारलंच नाही. आणि मी विनोद केला की ते रागावतात."

फोटोवाला:

"मी वर गेलोच नाही... पुढच्या गल्लीत. दारांचे फोटो... नाही, गाइडमॅडमकडे लक्ष नव्हतं, सॉरी... सकाळचे? सकाळी खूप काढलेत. जुन्या दरवाजापाशी सायकली ओळीनं लावल्या होत्या तेव्हा चारही पडद्यांचा एक काढलाय. चार सारखे चौकोन. हा बघा. म्हणजे, फार चांगला नाही आलाय."

मावशी सायकलीखालून बाहेर आली, हात पुसले आणि तो फोटो बराच वेळ पाहिला. मग कॅमेऱ्यातला फोटो आणखी मोठा करायला सांगितला.

"छान आलाय," ती म्हणाली. "मला पाठव."

पाच वाजायला दोन तास दहा मिनिटं

परत आलेल्या प्रत्येक सायकलीचं मावशी एक कार्ड भरते. जग इकडचं तिकडे झालं तरी भरते.

*सायकल एक (गाइड). ब्रेक ठीक. चेन ठीक. हवा ठीक. बॅटरी बाहत्तर टक्के. घड्याळ ठीक.*

*सायकल दोन (मुख्याध्यापिका). ब्रेक ठीक, मागचा जास्त वापरलाय. चेन ठीक. हवा ठीक. बॅटरी चौऱ्याहत्तर टक्के. घड्याळ ठीक.*

*सायकल तीन (डेंटिस्ट). ब्रेक ठीक. चेन ठीक. हवा मागे कमी. बॅटरी सत्तर टक्के. घड्याळ सात मिनिटं पुढे.*

*सायकल चार (फोटोवाला). ब्रेक*

चौथं कार्ड तिथेच राहिलं.

पाच वाजायला दोन तास पाच मिनिटं

"तुझ्या मोबाइलमध्ये किती वाजले?" मावशीनं विचारलं.

"दोन पंचावन्न."

"हिच्यात तीन दोन. बाकी तिघींत दोन पंचावन्न. आणि सकाळी?" तिनं फोटो पुढे धरला. चारही पडद्यांवर नऊ बत्तीस. "दर सोमवारी मी सगळ्यांची घड्याळं एकदम लावते. ती अशी एकटी पुढे पळत नाहीत."

"मावशी, इथे माझं आयुष्य चाललंय आणि तू सात मिनिटं..."

"बॅटरी काढली की घड्याळ कितीवर जातं?"

"बारावर," गाइड म्हणाली. आणि तिची नजर तीन नंबरच्या दांडीकडे गेली.

मावशीनं आपली किल्ली तीन नंबरच्या दांडीत फिरवली. बॅटरी लांबट, काळी, मनगटाएवढी जाड. ती बाहेर आली. मागे दांडीची पोकळी उरते, वायर जाण्यापुरती, मूठभर. मावशीनं त्यात दोन बोटं घातली.

पातळ पांढऱ्या कागदाची सुरळी निघाली. आत कापड होतं.

गाइडला हसू फुटलं, मग रडू, मग दोन्ही अर्ध्यावरच थांबलं. कारण मावशी हसत नव्हती. मावशी हातातल्या किल्लीकडे बघत होती.

"दार लाव," मावशी म्हणाली.

तिनं दार लावलं.

"आपल्या सगळ्या सायकलींना एकच किल्ली लागते. मीच करून घेतल्यात तशा, दहा किल्ल्या कोण सांभाळणार म्हणून. एक माझ्याजवळ. मी इथे होते. दुसरी तुझी. नकाशाघरात असताना तुझी किल्ली कुठे होती?"

"गळ्यात."

"पूर्ण वेळ?"

"पूर्ण वेळ."

आपलं उत्तर गाइडनं आपल्याच कानांनी ऐकलं. नकाशा सापडला होता. तिच्या कंपनीच्या सायकलीत, तिच्या मावशीच्या वर्कशॉपमध्ये, तिच्या गळ्यातल्या किल्लीनं उघडणाऱ्या जागेत. इन्स्पेक्टरांना आता काही शोधायलाही नको होतं.

"तुला वाटतंय मी घेतला."

मावशीनं सुरळी पत्र्याच्या टेबलावर ठेवली, हात धुतले, पुसले, परत धुतले. मग एक एक पदर सोडवत कागद उलगडायला लागली.

"मावशी, बोल ना काहीतरी!"

"थांब. मी चोराशी ओळख करून घेतेय." तिनं कापडाला बोट न लावता नुसतं वाकून पाहिलं. "घाईत कापड लपवायचं तर तू काय करशील?"

"घडी घालीन. कोंबीन."

"ह्यानं घडी घातली नाही. सुरळी केली, चुणी पडू नये म्हणून. वर मऊ कागद, ग्रीस लागू नये म्हणून. आणि टाचण्या परत जागच्या जागी टोचून ठेवल्या. चोरी करताना कोण टाचण्या परत लावतं? पेटीला परत कुलूप कोण घालतं?" ती खुर्चीत बसली. आता तिचा आवाज खाली आला होता, आणि गाइडला तो ओरडण्यापेक्षा वाईट वाटला. "बॅटरी परत बसवल्यावर पडद्यावर बारा वाजलेले दिसले. तू असतीस तर?"

"तशीच सोडली असती. कोण बघतंय?"

"मीही. पण ह्या माणसाला ते बघवलं नाही. दोन बटणं एकदम दाबून धरायची, मग आकडे फिरवायचे. त्या तिघांपैकी कोणाला हे येतं?"

"शक्यच नाही. मुख्याध्यापिकाबाईंना तर ब्रेक कुठला ते दोनदा सांगावं लागलं."

"मग आकडे लावताना वेळ कुठे पाहिली? तू मोबाइलमध्ये बघतेस. ते तिघंही. अंगणातून घरातलं एकही घड्याळ दिसत नाही. ज्यानं लावलं त्यानं मनगटावर पाहिलं. आणि ते मनगट सात मिनिटं पुढे आहे."

गाइडला दारात उभी असलेली कडक इस्त्री आठवली. अकराला पाच कमी. तिच्या मोबाइलमध्ये दहा अठ्ठेचाळीस.

"नाही," ती म्हणाली. "त्यांच्याकडे किल्ली कुठे आहे?"

"त्यांची हिरवी सायकल कोणी विकली त्यांना?" मावशीनं स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं. "मीच. चार वर्षांपूर्वी. आपल्यातलीच जुनी. किल्लीसकट. तुझ्याआधी हेच मला आठवायला हवं होतं. नाही आठवलं. दहा मिनिटं मी तुझ्यावर..." तिनं वाक्य पुरं केलं नाही.

"तुझे मित्र आहेत ते," गाइड म्हणाली.

"रोज संध्याकाळी सहाला बॅटरी चार्जिंगला लावून इथे ह्या स्टुलावर बसतात. म्हणूनच तर इथे पाठवला नकाशा. पोलिसांच्या टेम्पोतून येईल असं नव्हतं ठरवलं त्यांनी. तुझ्या टूरमधूनच येणार होता." मावशीनं बॅटरी परत जागेवर बसवली, घड्याळ होतं तसं सात मिनिटं पुढे लावलं, आणि सुरळी खणात ठेवली. "आज सहापर्यंत धीर धरवणार नाही त्यांना."

पाच वाजायला पन्नास मिनिटं

हिरव्या सायकलीची घंटा वाजली.

"आज लवकर?" मावशीनं विचारलं.

"घरात बसवेना," नकाशाकाका म्हणाले. त्यांनी गाइडकडे पाहिलं आणि नजर लगेच दुसरीकडे वळवली. "काही कळलं का?"

"कुठलं काय. चहा घेता?"

"नको." ते स्टुलावर बसले. स्टूल तीन नंबरच्या बाजूलाच होतं. मावशीनंच ते तिथे सरकवून ठेवलं होतं. "ह्या सायकली... ह्यांचं काम झालं का? म्हणजे मी जरा मदत..."

"किती वाजले हो?"

काकांनी सवयीनं मनगट वर केलं. "चार सतरा."

मावशीनं तीन नंबरचं बटण दाबलं. पडदा उजळला.

४:१७.

गाइडनं आपला मोबाइल त्याच्या शेजारी धरला.

४:१०.

बाहेर रस्त्यावरून कोणीतरी हॉर्न वाजवत गेलं. काकांनी आधी पडदा पाहिला, मग मोबाइल, मग आपलं मनगट. पेटी रिकामी बघून त्यांनी चौकट धरली होती. आता त्यांनी काहीच धरलं नाही. हात मांडीवर ठेवून बसून राहिले.

"बारा वाजलेले दिसले," ते म्हणाले. "ते चुकीचं होतं."

"मला माहीत आहे," मावशी म्हणाली.

"नोकरीच्या मुलाखतीला मी चार मिनिटं उशिरा पोचलो होतो. दुसऱ्या खेपेला घेतलं त्यांनी मला. तेव्हापासून घड्याळ पुढे ठेवतो."

"तेही माहीत आहे. शंभरदा सांगितलंयत."

"तिकडे त्याला खण मिळणार होता, ताई. अंधारा खण आणि एक नंबर. दहा वर्षांतून एकदा कोणी उघडून बघणार. इथे लोक वाकून बघतात. आपली गल्ली शोधतात. आज त्या बाई काचेवर बोट ठेवून शोधत होत्या, आणि मला त्यांना हाकलावं लागलं. वर पाठवलं, पेटी उघडली. चार मिनिटं लागली सगळी."

"आणि पुढे?" गाइडनं विचारलं. तिला वाटलं होतं आपण ओरडू. आवाजच फुटला नाही. "पुढे काय करणार होतात?"

"घरी नेणार होतो. सांभाळणार होतो."

"आणि मी?"

काकांनी मनगटावरच्या घड्याळाचा पट्टा चाचपला.

"काका, मी काय करणार होते?"

"तुझ्यावर येईल असं नव्हतं वाटलं गं मला. अनोळखी पाहुणे असतात, वाटलं पोलीस इकडे तिकडे शोधतील, थकतील... आपण असं करू." ते पुढे वाकले, भराभर बोलू लागले. "आत्ता मी तो घेऊन परत जातो. पेटीच्या मागच्या फटीत पडला होता म्हणतो. मखमल सैल आहेच. सगळे सुटतील. तक्रारच राहणार नाही. पुढच्या महिन्यात मी निवृत्त होतोय, माझं पेन्शन..." त्यांनी मावशीकडे पाहिलं. "ताई, तुम्ही सांगा तिला."

मावशीनं खिशातला पाना काढला, उलटा केला, परत खिशात ठेवला. तीस वर्षांची ओळख होती. तिचं नाव जुन्या शहरात कोणी घेत नव्हतं तेव्हापासून हा माणूस येऊन स्टुलावर बसायचा.

"बिल्ला माझा नाही," ती शेवटी म्हणाली. "तिचा आहे. तिला विचारा."

गाइड त्यांच्यासमोर येऊन उभी राहिली. "पोलिसांनी दीड तास घर उलटंपालटं केलं. तीच फट त्यांनी टॉर्च लावून पाहिली. आता तो तिथे सापडला, तर लोक काय म्हणतील ठाऊक आहे? म्हणतील, पोरगी घाबरली आणि गुपचूप नेऊन टाकला, म्हाताऱ्यानं बिचाऱ्यानं सांभाळून घेतलं. बिल्ला गेलेलाच असेल माझा. आणि मी रोज तुमचे उपकार मानत फिरायचं."

"मी म्हणेन की तू नाहीस..."

"सकाळी म्हणाला असतात तर!" आता मात्र तिचा आवाज फुटला. "त्या माणसानं माझ्या गळ्यातून बिल्ला काढून घेतला तेव्हा तुम्ही चष्मा सरळ करत होतात!"

पाच वाजायला दहा मिनिटं

काकांनी कागद मागितला. मावशीनं कोऱ्या कार्डांचा गठ्ठा पुढे केला. दुसरा कागद नव्हता.

पेन त्यांचं स्वतःचं होतं. अक्षर सुरेख, जराही न थरथरलेलं. बोलायला जमलं नसतं तसं ते लिहीत होते, जसं तीस वर्षं प्रत्येक वस्तूबद्दल लिहीत आले होते.

*वस्तू: शहराचा कापडी नकाशा.*

*स्थिती: उत्तम. डाग नाही, चुणी नाही.*

*आज सकाळी पेटीतून काढला: मी, या घराचा व्यवस्थापक. माझ्याच किल्लीनं.*

*ठेवला: सायकल क्रमांक तीनच्या बॅटरीमागे. माझ्याजवळच्या दुसऱ्या किल्लीनं उघडून.*

*कारण: तो जाऊ नये म्हणून.*

*इतर कोणाचाही यात भाग नाही. संशय चुकून गाइडवर आला.*

खाली सही. तारीख. त्यांनी कार्ड गाइडच्या हातात दिलं आणि चष्मा काढला.

रस्त्यावर गाडी थांबली. दार आपटल्याचा आवाज. कोणीतरी ड्रायव्हरला थांबायला सांगत होतं.

गाइडनं कार्ड वाचलं. परत एकदा वाचलं. हेच तर तिला हवं होतं. सही होती, तारीख होती, बिल्ला परत मिळायला एवढं पुरलं असतं. मावशी तिच्याकडे बघत होती आणि त्या नजरेत एक विनंती होती, की बस झालं आता.

गाइडनं कार्ड काकांपुढे ठेवलं आणि शेवटच्या ओळीवर बोट टेकवलं.

"चुकून नाही," ती म्हणाली.

पायऱ्यांवर बूट वाजले. काकांनी चष्मा परत चढवला. त्या बोटाकडे पाहिलं, मग तिच्याकडे, आज पहिल्यांदाच सरळ. मग पेन उघडलं आणि शेवटचं वाक्य एका रेषेत खोडलं, पट्टीनं मारावी इतक्या सरळ रेषेत.

दारावर थाप पडली. मावशी उठली नाही. कोणीच उठलं नाही.

काकांनी खोडलेल्या ओळीखाली लिहिलं:

*संशय गाइडवर आला. तो मी येऊ दिला.*